तैवानच्या बाई कोपरच्या खाडीवर

मी टीव्हीच्या रोजच्या मालिकांचे संवाद लिहिते. डोंबिवलीतल्या घरात, जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप ठेवून मी दिवसभर कोणातरी सासूला कोणातरी सुनेशी भांडायला लावते, आणि संध्याकाळी माझ्या सख्ख्या सासूबाई तेच भांडण हॉलमध्ये बसून बघतात. त्या निवृत्त मुख्याध्यापिका आहेत. एपिसोड संपला की परीक्षण सुरू होतं. "'ती माझी मदत करते' असं मराठीत म्हणत नाहीत, 'मला मदत करते' म्हणतात. हे तू लिहिलंस की त्या मुलीनं बोलताना पाडलं?" मी दर वेळी त्या मुलीवर ढकलते.

तर ठाण्यात एक छोटा फिल्म क्लब आहे. एका कॉलेजचं सभागृह घेऊन परदेशी सिनेमे दाखवतात. त्यांच्या अध्यक्षांचा एक दिवस मला फोन आला.

"तैवानच्या एक मोठ्या लेखिका-दिग्दर्शिका भारतात आल्यात. आपल्याकडे तीन दिवस यायला तयार झाल्यात. त्यांच्या सिनेमाला मराठी सबटायटल्स करायचीत. तुम्ही संवाद लिहिता ना?"

"मी मराठी लिहिते हो. मला चिनी कुठे येतं?"

"इंग्रजी सबटायटल्स आहेत त्याला, त्यावरून करायचंय. आणि घाबरू नका, सिनेमात फारसं कोणी बोलतच नाही."

हे मात्र अगदी खरं निघालं. गोष्ट एवढीच होती की शहरात शिकलेली मुलगी बंदराच्या गावी आईकडे परत येते. आई मासे वाळवते. दोघींचं पूर्वी काहीतरी बिनसलेलं आहे. आमच्या मालिकेत यावर दीड महिना सहज गेला असता, दोन वेळा विषप्रयोग झाला असता. इथे आई सिनेमाभर एकच वाक्य बोलते, ते म्हणजे "जेवलीस?" मी पहिल्यांदा "जेवलीस?" लिहिलं, मग "जेवलीस का गं?", मग एका ठिकाणी ती चिडलेली वाटली तिथे "जेवलीस की नाही अजून?" आणि शेवटी जिथे मुलगी रडत येते तिथे नुसतं "जेव." इतकं सोपं काम मला आयुष्यात मिळालं नव्हतं, आणि तरी त्या "जेव"पाशी मी एक अख्खी दुपार बसलेले.

दुभाष्याचा प्रश्न अध्यक्षांनी स्वतःच सोडवला. बाईंचं इंग्रजी दुकानात लागेल तेवढंच. पण अध्यक्षांच्या सोसायटीत एक लाइटिंगवाले काका होते. झुंबरं, माळा, एलईडी पट्ट्या असा त्यांचा होलसेलचा धंदा. मालासाठी चीनला इतक्या खेपा झालेल्या की चिनी भाषा त्यांना फाडफाड यायला लागलेली. अध्यक्षांनी त्यांना विचारलं, "सिनेमाबद्दल बोलायला जमेल ना?" काका म्हणाले, "भाषा एकच ना? मग काय टेन्शन?"

पहिल्या दिवशी कार्यक्रम ठाण्यात. बाई आल्या. साठीच्या पुढच्या, बुटक्या, बॉबकट, पायात कापडी बूट, आणि चेहऱ्यावर असं कुतूहल की जणू आम्हीच कुठूनतरी पाहुणे आलोय. अध्यक्षांनी स्वागताच्या भाषणात एकदा "थायलंडच्या" म्हटलं. मागून कोणीतरी चूक सांगितल्यावर ते "अर्थात चीनच्या" म्हणाले. तेव्हा काकांनी माइक ओढून घेतला आणि "तैवान, तैवान! दोन्हीकडे आपला व्यवहार आहे साहेब, मिक्स नका करू," असं ठणकावलं. बाईंना काय चाललंय ते कळलं असावं. त्या तोंडावर हात ठेवून हसत होत्या.

सिनेमा सुरू झाला. मध्यावर एक प्रसंग आहे. आई बसथांब्यावर बसून मुलीची वाट बघते. कॅमेरा हलत नाही. आई हलत नाही. रस्त्यावर कोणी येत नाही. बराच वेळ गेला तशी सभागृहात चुळबुळ सुरू झाली. मागच्या रांगेतून आवाज आला, "अरे, हँग झालाय बघ!" प्रोजेक्टर सांभाळणाऱ्या गृहस्थांना तेच वाटत असणार, कारण त्यांनी लगेच लॅपटॉप बंद करून पुन्हा चालू केला. सिनेमा पहिल्यापासून सुरू झाला. नावं, बंदर, होड्या, सगळं परत. मी बाईंच्या शेजारी बसलेले, मला जमिनीत गडप व्हावंसं वाटलं. बाई माझ्याकडे वळून त्यांच्या तुटक इंग्रजीत म्हणाल्या की त्यांच्या गावातल्या थिएटरातही हेच झालं होतं. फक्त तिथे लोकांनी खुर्च्यांचे हातही उपटलेले.

सिनेमानंतर प्रश्नोत्तरं. एका विद्यार्थिनीनं विचारलं, तुमची सुरुवात कशी झाली? बाई सविस्तर बोलल्या. काकांनी लक्षपूर्वक ऐकलं आणि माइक घेतला.

"मॅडम बोलतात, आधी बरीच वर्षं त्या टीव्हीच्या लाइनमध्ये होत्या. सप्लाय डेलीचा होता. रोज माल गेलाच पाहिजे. क्वालिटी बघायला टाइम नव्हता." सभागृह हसलं. "मग पिक्चर लिहायला लागल्या. म्हणजे माल यांचा, ब्रँड दुसऱ्याचा."

माझ्या व्यवसायाचं इतकं अचूक वर्णन मी तोवर ऐकलं नव्हतं.

"मग डायरेक्टर कशा झाल्या?" त्याच मुलीनं विचारलं.

या प्रश्नावर बाई उभ्या राहिल्या आणि हातवारे करून सांगू लागल्या. काका मध्येमध्ये चिनी लोकांसारखं "आय्या!" करत ऐकत होते. गोष्ट अशी होती की त्यांनी लिहिलेल्या एका सिनेमाच्या शूटिंगवर दिग्दर्शकाचं आणि निर्मात्याचं जोरात वाजलं. दिग्दर्शक तडक निघून गेला. सगळं युनिट उन्हात उभं. लेखिका म्हणून या तिथे होत्या, पण लेखिकेला सेटवर कोण विचारतं? त्या डबा खायला सावली शोधत होत्या. एक झाड दिसलं. त्यांनी तिकडे बोट दाखवून कोणालातरी सांगितलं, तिथे ठेव. त्यांना म्हणायचं होतं, माझी खुर्ची ठेव. कॅमेरामननं कॅमेरा नेऊन ठेवला. मग तो म्हणाला, अरे वा, इथून तर छान दिसतंय, आता पुढे? आणि बाईंनी पुढचं सांगितलं. संध्याकाळपर्यंत त्या सांगतच होत्या.

"डबा?" माझ्याबरोबर आलेल्या सासूबाईंनी पहिल्या रांगेतून विचारलं. "डबा खाल्ला का मग?"

काकांनी विचारून सांगितलं, "नाही. राहिला."

मग त्यांचा स्वतःचा पहिला सिनेमा. "पहिला पीस मार्केटनं रिटर्न केला," काका गंभीरपणे म्हणाले. "मालात डिफेक्ट नव्हता. कस्टमरला वापरायचा कसा ते कळलं नाही."

एका दाढीवाल्या तरुणानं उठून, तुमच्या सिनेमातली शांतता हे कशाचं रूपक आहे, असं विचारलं. बाईंचं उत्तर लहानसं होतं. काकांनीही लहानसंच सांगितलं. "टीव्हीत इतकी वर्षं माणसांना बडबडायला लावलं, की मॅडम दमलेल्या."

मग सासूबाई उभ्या राहिल्या. मुख्याध्यापिकेच्या आवाजात त्यांनी विचारलं, "त्या आईला मुलीचं इतकं आहे, तर ती सरळ बोलत का नाही? जेवलीस जेवलीस काय करत बसते?"

बाई हळू आवाजात बोलल्या. बोलताना स्वतःच्या तळहातांकडे बघत होत्या. त्यांचं बोलून झालं. अध्यक्षांनी खूण केली. काका माइक तोंडाशी नेऊन पुन्हा खाली आणत होते. शेवटी म्हणाले, "माझी आई अशीच होती. तिच्याजवळ तेवढाच एक शब्द होता." आणि खाली बसले.

हे बाईंचं होतं की काकांचं स्वतःचं, हे विचारायचं कोणाला सुचलं नाही. सासूबाईंनी पदरानं चष्मा पुसला.

दुसऱ्या दिवशी बाई आमच्याकडे डोंबिवलीला जेवायला आल्या. काकांच्या गाडीतून आल्या, मागच्या सीटवर झुंबरांचे खोके होते, त्यांच्या मध्ये. त्या घरात शिरल्या आणि नेमक्या त्याच वेळी आमच्या मासळीवाल्या मावशी दारात पाटी उतरवत होत्या. मावशी कोपरच्या पलीकडे खाडीकाठी राहतात. धिप्पाड, आवाज असा की तिसऱ्या मजल्यावर कुजबुजल्या तरी वॉचमनला कळतं. बाई बूट काढायच्या थांबल्या, पाटीपाशी उकिडव्या बसल्या आणि एका माशाचा कल्ला उचलून आत बघू लागल्या.

मावशींनी हाताची घडी घातली. "ही कोन गो बाय?"

"पाहुण्या आहेत मावशी. तैवानच्या. सिनेमे काढतात."

बाईंनी तो मासा बाजूला ठेवून दुसरा उचलला, हुंगला आणि मान डोलावली.

"हिला कलतंय," मावशी म्हणाल्या. "सिनेमावाली नाय ही. कोलीन हाय."

काकांनी हे भाषांतर केलं. बाईंनी मावशींचा हात धरला तो सोडेचनात. त्यांचे वडील होडीवर जायचे, आई मासे वाळवायची, हे तेव्हा आम्हाला कळलं. मावशींनी लगेच आमंत्रण दिलं, "उद्या ये घरी. सुकट घालतंय उन्हात. बघ ये." आमच्या अध्यक्षांना तिसऱ्या दिवशी बाईंकडून एक छोटी कार्यशाळा घ्यायची होती. पाच-सहा जणांनी मिळून एक लहानसा सिनेमा करायचा, अशी कल्पना होती आणि जागा मिळत नव्हती. मी फोन केला, त्यांनी आनंदानं होकार दिला.

जेवताना बाईंनी त्यांच्या लेखनाची खरी सुरुवात सांगितली. त्या लहान असताना गावात मँडरिन भाषेतले सिनेमे लागायचे. आजीला ती भाषा कळायची नाही, तिला घरची तैवानीच येई. म्हणून आजी नातीला सोबत न्यायची आणि नात अंधारात तिच्या कानाशी संवाद सांगत बसायची. पण लांबलचक संवाद सांगून कंटाळा यायचा. मग ती स्वतःच्या मनानं सांगायला लागली. पडद्यावर नायक युद्धाला निघालाय, ही आजीला सांगतेय की तो म्हशी विकायला चाललाय आणि बायको म्हणतेय काळी विकू नका. आजीला सिनेमे फार आवडायला लागले. ती गल्लीभर सांगत सुटली. बायका हौसेनं जाऊन बघून आल्या आणि विचारू लागल्या, त्यात म्हशी कुठायत?

"म्हणजे आधीपासून मटेरियल बदलून द्यायची सवय," काका म्हणाले. ही त्यांची स्वतःची भर होती.

मग बाईंनी मला माझ्या मालिकेची गोष्ट विचारली. मला संकोच वाटला. एवढ्या मोठ्या बाईसमोर काय सांगायचं? पण त्यांनी आग्रहच केला. मी सांगितलं की धाकट्या जावेचं काम करणारी मुलगी लग्न करून चाललीय, आता तिला मारावं की परदेशी पाठवावं हे ठरत नाहीये.

बाईंनी चमचा खाली ठेवला. "आम्ही जपानला पाठवायचो."

"आम्ही लंडनला."

"परत केव्हा आणता?"

"लोक मालिका बघायचे थांबले की."

आम्ही दोघी इतक्या हसलो की काकांना भाषांतर करायला काही उरलं नाही. बाई म्हणाल्या, मारू नकोस, मेलेलं माणूस परत आणायला जुळं भावंड लागतं, त्यात फार मेहनत आहे. त्या आठवड्यात माझ्या मालिकेतली धाकटी जाऊ तैवानला गेली. सासूबाईंनी एपिसोड बघून मान हलवली. "कुठून सुचलं ते कळतं हो मला," म्हणाल्या.

तिसऱ्या दिवशी सकाळी आम्ही सगळे मावशींच्या घरी. बाई, काका, अध्यक्ष, कॅमेरा आणि क्लबचे पाच सदस्य. तो रूपक विचारणारा दाढीवालाही होता. अंगणापलीकडे तिवरं आणि त्यांच्यामागे खाडीचं पाणी. बाईंना हवं होतं ते अगदी साधं. मावशी रोजच्या लुगड्यात अंगणात बसून सुकट पसरतायत, बस्स. त्यांनी जागा ठरवली, ऊन बघितलं, सगळे तयार झाले.

मावशी बाहेर आल्या. अंगावर जरीची लग्नातली साडी. केसांत अबोलीचा भला मोठा गजरा. गळ्यात, कानांत, हातांत घरातलं होतं नव्हतं ते सगळं सोनं. सुनेनं लिपस्टिकही लावलेली. अंगण एकदम लखलखलं.

अध्यक्षांचा चेहरा पडला. "मावशी, अहो, साधं हवं होतं. रोजच्यासारखं."

"रोजचा रोज बघतंय सगला गाव. पिच्चरमंदी पन तोच दाखवू?"

"पण वास्तववादी..."

"मना गरीब दाखवताव काय रे तुमी?" मावशींचा आवाज चढला. "माजे घरात काय कमी हाय? बोल!"

दाढीवाला दोन पावलं मागे सरकला. आम्ही सगळ्यांनी बाईंकडे बघितलं. बाई एका उलट्या टोपलीवर बसून हसत होत्या. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसत होत्या. काकांचा हात धरून त्यांनी सांगितलं ते असं. आम्ही दाखवला त्याच्या कितीतरी आधीच्या, त्यांच्या पहिल्या सिनेमात त्यांनी स्वतःच्या आईला घेतलं होतं. मासे वाळवणाऱ्या बाईचं काम, आई जन्मभर तेच करत आलेली. आणि शूटिंगच्या दिवशी आई केस कुरळे करून, मोत्यांची माळ घालून, नव्या कोऱ्या रेशमी पोशाखात हजर. ऐकायलाच तयार नाही. म्हणाली, परदेशातले लोक बघतील ना, मग? शेवटी तसंच शूट केलं. तिकडच्या एका समीक्षकानं लिहिलं की दिग्दर्शिकेनं श्रमाला राजवस्त्र चढवून धाडसी विधान केलं आहे.

"मग धाडस होतं ते?" मी विचारलं.

काकांनी विचारून सांगितलं, "मॅडम बोलतात, आईसमोर कोणाचं धाडस?"

मग मावशींसाठी खुर्ची आली. कारण त्या साडीत त्या सुकटीला हात लावणार नव्हत्या, ते काम सून करणार आणि त्या बघणार असं त्यांनीच ठरवलं. "तू शिरियल लिवतंस ना? मना डायलॉग दे," असा मला हुकूम झाला. मी तिथल्या तिथे चार वाक्यं रचली, समुद्र, कष्ट, पिढ्या वगैरे. त्यांनी ऐकून घेतली. "आसा कोन बोलतं?" म्हणाल्या. अगदी सासूबाईंचा सूर.

कॅमेरा चालू झाला. मावशी ताठ बसल्या. हनुवटी वर, दोन्ही हात गुडघ्यांवर, बांगड्या दिसतील अशा. सून खाली सुकट पसरतेय. काहीच होत नव्हतं. बाई अगदी समाधानानं बघत होत्या, त्यांना काही न होण्याची सवयच. इतक्यात तिवरांतून एक कावळा आला आणि सुकटीवर उतरला. मावशींनी डोळ्यांनी त्याला धमकावलं. कावळा जागचा हलला नाही. त्यानं चोच भरली. दुसरा कावळा आला.

"मेल्या!" मावशी उठल्या. जरीचा पदर खोचला, पायातली चप्पल काढली आणि जी धाव घेतली ती अंगणाच्या टोकापर्यंत. गजरा सुटून खांद्यावर आला. कावळ्याच्या सात पिढ्यांचा उद्धार झाला, त्यात मी आजवर न ऐकलेले शब्द होते. एक चप्पल छपरावर गेली. दुसरी अध्यक्षांना चाटून गेली. सून हसून हसून सुकटीत बसली. बाईंनी फक्त एक हात वर धरलेला, कॅमेरा बंद करू नका म्हणून.

कावळे उडाले. मावशी धापा टाकत परत आल्या, खुर्चीवर बसल्या, पदर सारखा केला, हनुवटी वर घेतली आणि म्हणाल्या, "हां. तो कावल्याचा काप. आता कर चालू."

संध्याकाळी ठाण्याच्या सभागृहात तो लहानसा सिनेमा दाखवायचा होता. मावशी टेम्पो करून आल्या. मुलगा, सून, दोन नणंदा, भाऊबंद, शेजारी, सगळे. पुढच्या तीन रांगा भरल्या. क्लबच्या इतिहासात इतकी गर्दी झाली नव्हती. पडद्यावर मावशी दिसल्या तशी शिट्टी आली. आणि कावळा उतरला तेव्हा मावशी अंधारात ओरडल्या, "ह्यो कशाला ठेवला? मी काप बोललेली! आगो, काप ना तो!"

पण कोणाला ऐकू जाणार? चप्पल छपरावर गेली तेव्हा सभागृह नुसतं कोसळत होतं. दिवे लागल्यावर लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. मावशींनी आधी इकडेतिकडे रागानं बघितलं. मग त्या हळूहळू उठल्या, मागे वळल्या आणि गळ्यातलं सगळं दिसेल अशा बेतानं सगळ्यांना नमस्कार केला.

बाईंनी त्यांना स्टेजवर बोलावलं. दोघी शेजारी उभ्या राहिल्या, एक जरीत, एक कापडी बुटांत. बाई बोलल्या आणि काकांनी सांगितलं, "मॅडम बोलतात, त्यांची आई पहिला पिक्चर बघायला आली नाही. थिएटरात आपलं काम कसं दिसतं ते तिनं कधी बघितलंच नाही. आज यांना बघताना बघितलं, बरं वाटलं." या वेळी काकांनी एकही धंद्याचा शब्द वापरला नाही. मावशींना ते कळलं तेव्हा त्यांनी बाईंना ओढून कुशीत घेतलं. बाई त्या सोन्यात आणि गजऱ्यात पार दिसेनाशा झाल्या.

दुसऱ्या दिवशी काका त्यांना विमानतळावर सोडून आले. बाईंच्या सामानात सुकटीचं एक चांगलंच मोठं पुडकं होतं. ते कस्टमवाल्यांपासून कसं वाचलं हे काकांनी मला सांगितलं आहे, पण इथे लिहू नका असंही सांगितलं आहे.

काही महिन्यांनी तैपेईत बाईंच्या सगळ्या सिनेमांचा एक कार्यक्रम झाला. त्यांनी त्यांच्या पहिल्या सिनेमाच्या आधी आमचा हा छोटा सिनेमा लावला. काकांना त्यांचा निरोप आला, काकांनी मला कळवला. तिथले लोक फार हसले आणि नंतर विचारत होते, ही नटी कोण, आणखी कशात काम केलंय, आपल्याकडे येईल का?

मावशी सकाळी पाटी घेऊन आल्या तेव्हा मी त्यांना हे सांगितलं. त्यांनी बोईट निवडता निवडता ऐकलं. चेहऱ्यावर काही दाखवलं नाही. मग सुरी पुसत म्हणाल्या, "लग्नसराई हाय आता घरान. त्यांना सांग, तारखा बघून कलवतंय."